पोथी उघडते तिथं

एकदा एका नदीकाठच्या पेठेत एक म्हातारा जुनी पुस्तकं शिवून द्यायचा.

आता पुस्तक फाटलं की माणूस नवं घेतो. त्यात गैर काही नाही. पण त्या काळी एका घरात पाचसहाच पुस्तकं असायची आणि ती घरातल्या माणसांबरोबरच म्हातारी व्हायची. एक पंचांग, मुलांच्या पाढ्यांची उजळणी, घरगुती औषधांचं एखादं पुस्तक, शकुन बघायचं एक, आणि देवापुढची पोथी. पाठ सुटली, शिवण उसवली की लोक ती फडक्यात बांधून म्हाताऱ्याकडे आणायचे आणि दुखणाईत माणसाला वैद्यापुढं ठेवावं तशी त्याच्यापुढं ठेवायचे. म्हाताऱ्याला अक्षर येत नव्हतं. आकडे तेवढे ओळखायचा, कारण पानं क्रमानं लावायला आकडे लागतात. दुकानात शिरलं की पानं चिकटवायच्या खळीचा आंबूस वास यायचा. ज्यांनी तो घेतलाय त्यांना तो अजूनही मधूनच कुठंतरी येत असेल.

म्हाताऱ्याजवळ एक शिष्य काम शिकत होता. वीसबावीस वर्षांचा, शाळेत गेलेला, गणितात फार तयार. किती पानांना किती दोरा लागेल, हे तो मोजण्याआधीच सांगायचा. म्हातारा त्याला कौतुकानं 'पंडित' म्हणायचा, आणि तो चुकला की त्याच शब्दानं चिमटाही काढायचा.

एके दिवशी सकाळी गुळाचा एक व्यापारी दुकानात आला. मागं त्याची लेक होती, मंजुळा. तिच्या हातात फडक्यात बांधलेली पोथी होती.

"पाठ उसवलीय, शिवून द्या," व्यापारी म्हणाला. "जरा लवकर. आज माझ्या डोक्यात दुसरंच आहे. उद्या घाटाखाली निरोप धाडायचाय."

"कसला निरोप, शेट?"

"हिचं लग्न मोडतोय."

मंजुळेनं पोथी म्हाताऱ्यापुढं ठेवली आणि ती खाली पडलेल्या कागदाच्या कातरणांकडे बघत उभी राहिली.

म्हाताऱ्यानं हातातली सुई खाली ठेवली. "मुलगा वाईट निघाला का?"

"मुलगा सोन्यासारखा आहे हो! पत्रिका पाहिली, छत्तिसातले अठ्ठावीस गुण जुळले. पंचांगात मुहूर्त चांगला निघाला. सुपारी फुटली. मग म्हटलं, पोथीचा कौल घ्यावा. आमच्या घरची चाल आहे ती. डोळे मिटायचे, पोथी उघडायची, निघेल त्या पानावरचं मानायचं." व्यापाऱ्याचा आवाज खाली आला. "एकशे एकतिसावं पान निघालं. दूर दिलेल्या मुलीची कथा. ती नदी ओलांडून जाते आणि तिला माहेर पुन्हा दिसत नाही. मी म्हटलं, चुकून आलं असेल. अंघोळ करून पुन्हा उघडली. एकशे एकतीस! मग दिवसभर उपास केला, संध्याकाळी उघडली. तेच पान."

"चौथ्यांदा मी उघडते म्हटलं," मंजुळा म्हणाली, "तर अण्णांनी हात लावू दिला नाही."

"तू गप गं. देवाची परीक्षा बघतात का?"

शिष्य हे सगळं ऐकत होता. त्यानं पोथीची पानं पाहिली, मनात काहीतरी जुळवलं आणि तो मोठ्या उमेदीनं म्हणाला, "शेट, पानं दोनशे आहेत. दोनशेमधून ठरावीक एकच पान ओळीनं तीनदा निघायचं म्हणजे ऐंशी लाखांत एकदा. याला योगायोग म्हणता येत नाही."

"बघा!" व्यापारी म्हाताऱ्याकडे वळला. "शिकलेला मुलगा सांगतोय. माझ्या मनात थोडी शंका होती, तीही गेली. निरोप आजच धाडतो."

मंजुळेनं मान वर करून शिष्याकडे पाहिलं. त्या नजरेनं शिष्याला वाटलं, आपण पाढे शिकलोच नसतो तर बरं झालं असतं.

म्हातारा उठला. खांद्यावरचं उपरणं त्यानं काढलं, त्याची घडी घातली आणि ते शिष्याच्या डोळ्यांवर करकचून बांधलं.

"आबा, हे काय?"

"बस. हात पुढं कर."

व्यापारी चमत्कारिक नजरेनं बघत राहिला. म्हाताऱ्यानं शिवायला आलेल्या पुस्तकांतून एक उजळणी काढून शिष्याच्या हातात दिली. "उघड."

शिष्यानं उघडली. म्हाताऱ्यानं पान व्यापाऱ्यापुढं धरलं. "काय आहे, शेट?"

"एकोणतीसचा पाढा."

"मिट. पुन्हा उघड."

एकोणतीसचा पाढा. तिसऱ्यांदाही एकोणतीसच.

"पंडिता, एकोणतीस हा आकडा तुझ्या नशिबात दिसतो," म्हातारा म्हणाला.

मग त्यानं औषधांचं पुस्तक दिलं. ते तिन्ही वेळा डांग्या खोकल्यावर उघडलं. मग शकुनाचं पुस्तक दिलं. त्यात डोळे मिटून आकड्यावर बोट ठेवायचं आणि त्या आकड्याचं उत्तर मागं काढून वाचायचं, अशी रीत असते. तेही तीनदा मागच्या उत्तरांतल्या एकाच पानावर उघडलं आणि तिन्ही वेळा उत्तर निघालं, 'कार्य सिद्धीस जाईल.'

"शेट, ह्याचं 'कार्य होणार नाही' हे पान काढून बघा," म्हातारा म्हणाला. "कोरं करकरीत. वीस वर्षांत कुणी तिथं थांबलेलं नाही. 'नाही' निघालं की लोक म्हणतात, बोट जरा सरकलं वाटतं, आणि पुन्हा ठेवतात."

मंजुळा फिसकन हसली. व्यापाऱ्यालाही हसू आलं, पण त्यानं ते मिशीत दाबलं.

शेवटी म्हाताऱ्यानं छापखान्यातून आलेलं, कुणीच न वाचलेलं एक नवं पुस्तक दिलं. ते तीनदा तीन ठिकाणी उघडलं. मग त्यानं शिष्याच्या डोळ्यांवरचं उपरणं सोडलं.

"तुझा गुणाकार बरोबर आहे, बाळा. पण दोनशे पानं सारखी असतात, हे तुला कुणी सांगितलं? नव्या पुस्तकात असतात. जुन्यात नसतात. जिथं मूल पाढ्याला अडतं तिथं ते रोज उघडून बसतं, रडतं, डोळे पुसून तोच हात पानावर ठेवतं. ज्या घरात पोर खोकतं तिथं आई रात्रंदिवस तेच एक पान धरून बसते. कागदाला कळत काही नाही, पण कागद विसरतही नाही. पुस्तक हातात घेतलं की ते पहिल्यांदा आपल्या माणसाकडे जातं. आपण म्हणतो, नशिबानं पान काढलं. काढलेलं असतं आधीच्या हातानं."

"असेल," व्यापारी म्हणाला. "पण आमच्या पोथीला दुसरं कोण हात लावतं? मी वाचतो ते पहिल्या अध्यायापासून."

म्हाताऱ्यानं पोथी जवळ ओढली. ती आपोआप एकशे एकतिसाव्या पानावर उघडली. त्यानं दाभणाचं टोक दोन पानांच्या बेचक्यात हलकेच फिरवलं आणि तिथून निघालेला तपकिरी चुरा एका कोऱ्या कागदावर झाडला.

"मला वाचता येत नाही. पण शिवण का उसवली ते कळतं. इथं पुष्कळ वर्षं काहीतरी ठेवलेलं आहे. वास घ्या."

व्यापाऱ्यानं कागद नाकाशी नेला. त्याचं वय पंचावन्नच्या पुढं होतं, पेठेत त्याच्या शब्दावर गुळाचा भाव ठरायचा. तो कागद तसाच धरून खाली बसला.

"सुरंगी," तो म्हणाला. "आमच्या आईची."

शिष्यानं पाण्याचा तांब्या पुढं केला. तो त्यानं घेतला नाही.

"आई घाटाखालची. चैत्रात मामा मिठाच्या गाड्यांबरोबर सुरंगीचे गजरे पाठवायचा. इथं पोचेपर्यंत ते सुकलेले असायचे. तरी ती माळायची, आणि मग कुठं ठेवायची ते आम्हाला कधी दिसलं नाही. दुपारी सगळे निजले की ती पोथी घेऊन बसायची. आम्हाला वाटायचं, पुण्य जोडतेय."

मग व्यापाऱ्यानं विचारलं, आणि तो प्रश्न म्हाताऱ्याला होता की स्वतःला, हे त्यालाही माहीत नसावं. "मग आई इथं दुःखात होती का?"

"ते मी कसं सांगू, शेट? बोट लागलेलं मला दिसतं, मन दिसत नाही. माणूस रडतो तिथंही पुस्तक उघडतं आणि जिथं त्याला बरं वाटतं तिथंही उघडतं. त्या होत्या तेव्हा विचारायला हवं होतं."

"नाही विचारलं कधी."

"आता त्यांना विचारता येणार नाही." म्हाताऱ्यानं सुईत दोरा ओवायला घेतला. "तुम्ही पत्रिकेला विचारलंत, पंचांगाला विचारलंत, पोथीला तीनदा विचारलंत. कुणालाच विचारायचं बाकी ठेवलं नाहीत असं वाटतं. पण जिला जायचंय ती इथं उभी आहे."

व्यापाऱ्यानं लेकीकडे पाहिलं. रोज ताटावर बसताना दिसणारी लेक, पण आज तिच्याकडे बघायला त्याला जरा धीर गोळा करावा लागला.

"मंजू, तुला जायचंय का?"

मंजुळेचा पदर तिच्या बोटाभोवती गुंडाळला गेला. "भीती वाटते, अण्णा," ती म्हणाली. "पण जायचंय."

"भीती कसली? सासरच्यांची?"

"त्यांची नाही. तुम्ही मला भेटायला यायचे नाहीत, याची."

रस्त्यावरून एक बैलगाडी गेली, तिच्या घुंगरांचा आवाज कोपऱ्यावर वळून विरला. व्यापाऱ्यानं कागदावरचा चुरा जपून पोथीत परत ठेवला, त्याच पानात. मग घसा साफ करून म्हणाला, "गाडीनं घाट उतरून जायला किती दिवस लागतात गं?"

"दीड दिवस," मंजुळा लगेच म्हणाली. "मी कधीच विचारून ठेवलंय."

शिष्य मान खाली घालून खळ ढवळत राहिला. त्या सकाळी दुकानात एवढे आकडे बोलले गेले, पण माणसाच्या उपयोगाचा आकडा तो एकच होता, हे त्याला त्याच वेळी उमगलं.