शिंगं असलेली हरिणी

चूक सगळी म्हाताऱ्या काळविटाची होती, मुलांनो. मोठे लोक हे शेवटपर्यंत सांगणार नाहीत, म्हणून आधीच सांगून टाकलेलं बरं. एका माळरानावर हा काळवीट आपल्या कळपाचा पंच होता. दर उन्हाळ्यात तो हरिणींची शर्यत लावी. जी जिंकेल तिने टेकाडावर पहारा द्यायचा आणि लांडगे दिसताच धावत येऊन कळपाला सावध करायचं. मान मोठा होता. पहारेकरणीला पाणवठ्यावर पहिलं पाणी मिळे.

त्या वर्षी जी हरिणी जिंकली, तिच्या डोक्यावर लहानपणापासून बारीकशी शिंगं होती. दुसरी आलेली धापा टाकत म्हणाली, "पंचकाका, हिला नरांसारखी शिंगं! मग आम्ही उगाच कशाला पाय मोडून घ्यायचे?" तिचा प्रश्न खोटा नव्हता. तीही वर्षभर रोज पहाटे पळत होती. पण त्याचं उत्तर शर्यतीआधी, नीट विचारपूस करून द्यायचं असतं. काळविटाने या हरिणीला तीन फेऱ्या पळू दिलं होतं, आणि शिंगं काही शेवटच्या फेरीत उगवली नव्हती.

काळवीट खाकरला. "शिंगं म्हणजे नर. ठरलं."

"कधी ठरलं?" हरिणीने विचारलं.

"आत्ता."

"काका, मी शिंगांनी पळते का?"

"उलट बोलू नकोस. ये इकडे, सगळ्यांसमोर मान वाकव. मोजू दे."

कळपात कोणीतरी खिदळलं. हरिणीने मान वाकवली नाही. ती ओढा ओलांडून पलीकडच्या कुरणात निघून गेली. काळविटाला आत कुठेतरी खटकलं. पण पंचाने 'चुकलो' म्हणायचं कसं? त्याने दुसरीला टेकाडावर पाठवलं.

आठवड्याने लांडगे आले. दुसरी जीव तोडून धावली, तरी चार उड्यांचा उशीर झालाच. तरणे निसटले. म्हातारा घळीत कोसळला. जीव वाचला, पण दोन्ही शिंगं मुळापासून मोडली. तो लंगडत परतला तेव्हा पंचाच्या दगडावर एक तरणा काळवीट उभा होता.

"ए पोरा, ती माझी जागा!"

"पंच नरच लागतो ना, काका? आणि शिंगं म्हणजे नर. तुम्हीच ठरवलंत."

म्हाताऱ्याची शिंगं गेली, जागा गेली, आणि कळपातली सगळ्यात वेगवान हरिणी तर त्याने आधीच घालवली होती.

तात्पर्य : कोणी पळायचं हे शर्यतीआधी, नीट समजून घेऊन ठरवावं, निकाल लागल्यावर केलेला नियम हा न्याय नसतो, तो जिंकणाऱ्याचा अपमान असतो.