बांगडीच्या निशाणीची कहाणी

ऐका शिवेच्या आई, तुमची कहाणी. आटपाट नगराबाहेर आटपाट शिवार होतं. तिथं माळ्याचं एक घर होतं. घरात भिवरा नावाची सून, तिचा नवरा बाळोजी आणि म्हातारी सासू. विहिरीजवळच्या एका रानावर सारं घर जगत होतं. ते रान भिवरेच्या आजेसासऱ्यानं देशमुखांच्या काशाईकडून विकत घेतलेलं. त्याचं खरेदीखत पेटीत होतं. खताखाली काशाईची निशाणी होती. लिहिता न येणाऱ्या बाईनं कागदावर बांगडी ठेवावी, भोवती शाईची रेघ ओढावी, अशी तेव्हाची रीत.

माळ्यांनी काय केलं? दर दसऱ्याला पेटी उघडली, खत पाटावर मांडलं, निशाणीला कुंकू वाहिलं, पेटी मिटली. हीच आपली लक्ष्मी म्हटलं. शिवेवर मात्र कुणी फिरकेना. हद्दीचा धोंडा काट्यांत बुडाला, उन्हात तापला. त्याला ना पाणी, ना फूल.

शिवेची आई रागावली. मग विहीर आटली. मग मळा वाळला. मग काशाईचा नातू देशमुख राजाकडे गेला. म्हणाला, "महाराज, माळ्यांचं खत खोटं. खत झालं तेव्हा आजी विधवा होती. विधवेनं फुटकी बांगडी ठेवायची, तिची तोंडं जुळत नाहीत. ह्यांच्या खतावर सबंध बांगडी आहे. आमचं रान आम्हाला द्या."

राजानं खत पाहिलं. कुंकवानं माखलेली, सबंध वाटोळी बांगडी दिसली. राजा म्हणाला, "तीन मंगळवारांची मुदत. पुरावा आणा, नाहीतर रान सोडा."

घरी सासू बोलली, "तू आलीस नि विहीर आटली. दसऱ्याचं कुंकू कधी चुकू दिलंस का गं?"

"नाही हो आत्याबाई, एकदाही नाही."

भिवरेनं घागर उचलली, शिवेवर रडायला गेली. तिथं धोंड्याशी एक म्हातारी बसलेली. ओठ भेगाळलेले. "मुली, पाणी दे."

"आजी, ओंजळभरच आहे."

"पुष्कळ झालं. पण मला नको, ह्या धोंड्याला पाज."

"धोंड्याला का कधी तहान लागते, आजी?"

"आणि कागदाला कुंकवाची हौस असते होय? तरी वाहताच की!"

भिवरा चपापली. तिनं पाय धरले. म्हातारीनं वसा सांगितला, "तीन मंगळवार न्हाऊन, उपाशीपोटी इथं यावं. धोंड्याला पाणी घालावं. खतातल्या चारी हद्दी मोठ्यानं म्हणाव्या. घेतला वसा अर्ध्यावर सोडू नये." एवढं बोलली आणि दिसेनाशी झाली.

पहिल्या मंगळवारी भिवरेनं पाणी घातलं. म्हणाली, "पूर्वेस ओढा, पश्चिमेस गाडीवाट, उत्तरेस देशमुखांचा बांध, दक्षिणेस चिंच." धोंडा नुसता निवला. दुसऱ्या मंगळवारी पाणी घातलं, हद्दी म्हटल्या, आणि धोंड्यानं आतून "हूं" केलं. बायांनो, भिवरेच्या हातची घागर सुटली! पळावंसं वाटलं, पण वसा अर्धा होता. तिसऱ्या मंगळवारी पाणी घातलं, हद्दी म्हटल्या. धोंडा आपण होऊन सरकला. खाली मातीचा करंडा. करंड्यात हिरवी बांगडी, एका जागी बोटभर फुटलेली. धोंडा बोलला, "राजापुढं खतावर तीन फुंकरा घाल. मग ही ठेव."

भिवरा राजाकडे गेली. देशमुख हसला, "माळीणबाई, इथं बांगड्या भरायला आलात काय?" भिवरेनं फुंकर घातली. पहिल्या फुंकरीला नवऱ्याच्या हातचं कुंकू उडालं. दुसरीला सासऱ्याच्या हातचं. तिसरीला आजेसासऱ्याच्या हातचं. कागद स्वच्छ झाला, शाई उघडी पडली. रेघेची दोन्ही तोंडं एकमेकांपासून बोटभर लांब होती! इतक्या वर्षांच्या भक्तीनंच ती फट बुजवली होती. "ही शिवेच्या धोंड्याखाली सापडली," म्हणून भिवरेनं वर बांगडी ठेवली. खाचेला खाच बसली. राजा उभा राहिला. म्हणाला, "खत खरं. रान माळ्यांचं."

देशमुखानं पागोटं काढलं. "आजीनं सौभाग्याची शेवटची खूण दिल्या शब्दाची साक्ष म्हणून शिवेवर पुरली, आणि मी तिलाच खोटं पाडत होतो. वहिनी, बांगडी मला द्याल?"

"दादा, तो त्यांचा शब्द आहे. जिथं ठेवला तिथंच राहू दे. पाणी घालायला तुम्हीही या."

मग दोन्ही घरं शिवेवर गेली. देशमुखानं धोंड्यावर घागर ओतली, भिवरेनं बांगडी धोंड्याखाली ठेवली. तोच विहिरीत खळखळ झाली. सगळे काठावर धावले. पाणी चढत होतं. त्यावर बांगडीसारखं एक वर्तुळ उमटलं, हिरवंगार, कुठंही न फुटलेलं. सासूनं हात जोडले.

जशी काशाईच्या शब्दाला भूमी साक्षीला उभी राहिली, तशी तुमच्याआमच्या शब्दाला राहो. साठ उत्तरांनी सांगायची, पाच उत्तरांत सांगितली, ही कहाणी फळासकट पुरी झाली.