कुंभाराचं पिल्लू आणि बाभळीखालची जागा

नदीकाठच्या एका गावात एक कुंभार एकटाच राहत होता. बायको वारल्यापासून घरात बोलायला कुणी नव्हतं, म्हणून त्याने कुत्र्याचं एक पिल्लू आणलं. पिल्लू दिवसभर चाकाजवळ बसे आणि कुंभार त्याच्याशी गप्पा मारत मडकी घडवी.

एके दिवशी अंगणात वाळत ठेवलेल्या कच्च्या मडक्यांवर पिल्लाने शू केली. दोन मडकी भिजून खाली बसली. कुंभाराने रागाने पिल्लाचं नाक त्या ओल्या मातीत घासलं आणि काठीचे दोन फटके दिले.

कुंपणापलीकडून परटीणमावशी म्हणाली, "अरे, त्याला बाहेरची जागा दाखवलीस का कधी?"

"कुत्र्याला काय हात धरून न्यायचं, मावशी? मार खाल्ला की कळेल आपोआप."

"कळेल रे. पण काय कळेल?"

पिल्लाला एवढंच कळलं, की या माणसासमोर करायचं नाही. ते कणगीमागे, लाकडांच्या ढिगाआड लपून करू लागलं. कुंभार शोधून काढी आणि पुन्हा नाक घासी. पुढे पुढे तो नुसता चाकावरून उठला, तरी पिल्लू कोपऱ्यात शिरे. शेवटी एका सकाळी ते कुंपणातून निसटलं आणि मावशीकडेच राहिलं.

मावशीने फार काही केलं नाही. पिल्लू झोपून उठलं, खाऊन झालं, की ती त्याला परसातल्या बाभळीखाली नेई आणि शांत उभी राही. झालं की म्हणे, "शहाणं माझं बाळ ते." घरात चुकलं तर न बोलता पुसून घेई. पंधरा-वीस दिवसांत पिल्लू आपणहून बाभळीखाली जाऊ लागलं.

कुंभार हे रोज बघत होता. एका संध्याकाळी तो भाकरी घेऊन मावशीकडे गेला. खाली वाकून हळूच म्हणाला, "चल रे घरी. मीपण तुझ्यासाठी जागा केलीय मागच्या बाजूला."

पिल्लाचे कान मागे गेले. ते जमिनीला चिकटलं, आणि मावशीच्या सारवलेल्या ओट्यावरच त्याची शू झाली.

"किती दिवसांनी चुकलं आज," मावशी म्हणाली.

कुंभाराने खांद्यावरच्या पंच्याने ओटा पुसला. भाकरी तिथेच ठेवली आणि तो निघाला. तो दिसेनासा होईपर्यंत पिल्लाने भाकरीला तोंड लावलं नाही.

तात्पर्य: जागा न दाखवता मारलं, तर मुकं जनावर जागा शिकत नाही, आपल्याला भ्यायला शिकतं, आणि ती भीती नंतर माया केली तरी लवकर जात नाही.