हळदीच्या गाण्याची चाल

शिदू गाणी लिहायचा आणि अंतू त्यांना चाली लावायचा. या जोडीची कॅसेट निघाली की कोल्हापुरातल्या मांडवामांडवात तीच वाजायची. पण गाणं करताना दोघं असे भांडायचे, की स्टुडिओखालच्या चहावाल्याला वाटायचं, आज डोकी फुटणार.

कॅसेट कंपनीचा मालक गुलाबशेठ. गाण्यातलं ओ का ठो कळत नव्हतं, पण मिजास उस्तादाची. एक दिवस शिदूला दाराबाहेर बसवून तो अंतूला म्हणाला, "त्या भांडकुदळाला आजच काढतो. शब्द काय, कुणीही लिहील. तू एकटा बास. परवा माझ्या पोरीची हळद आहे, लाव बघू झकास चाल."

शिदूशिवाय अंतूने आजवर एक गाणं केलं नव्हतं. पण रडगाणं न गाता त्याने पेटी पुढं ओढली आणि एक चाल वाजवली.

शेठ डोळे मिटून डुलला. "वा रे पठ्ठ्या! हीच मांडवात वाजवायची!"

"वाजवू की," अंतू म्हणाला. "फक्त आमच्या गल्लीत ही चाल बँडवाले मढ्यापुढं वाजवतात."

शेठ ताडकन उठला. "मग आधी बोलला का नाहीस?"

"ते बोलायचं काम शिदूचं, शेठ. तो असता तर पहिल्याच सुराला माझ्या मुस्काटात दिली असती. तुम्ही वाहवा केलीत. आता सांगा, कुणाला काढायचं?"

शेठने गुमान जाऊन दार उघडलं. शिदू आत घुसला तोच ओरडत, "अंत्या, गाढवा, शेठच्या घरी कोण मेलंय का?"