राहिलेला घास

“आपलं माणूस कोण, हे ओळखायचं कसं?”

ग्लासगोहून निघाल्यापासून शर्वरी हा प्रश्न मनात घोळवत होती. तो कुठे विचारायचा, हेही तिने ठरवून ठेवलं होतं. येरळा नदीच्या काठचा मठ, दगडी ओटा, गार सावली. समोर डोळे मिटून बसलेली मठाची बाळाक्का. प्रश्न ऐकून ती सावकाश डोळे उघडेल...

प्रत्यक्षात मठ म्हणजे एक पत्र्याची शेड निघाली. आत चुलीचा धूर कोंडला होता. दारात एक शेळी आणि बाळाक्का यांचं कोथिंबिरीच्या जुडीवरून भांडण चाललं होतं, आणि शेळी जिंकत होती.

“भाकरी येती का?” बाळाक्काने शेळीला ढकलत विचारलं.

“आक्का, मी तुम्हाला काहीतरी विचारलं.”

“मी बी तुला काहीतरी विचारलं.”

“येते... म्हणजे, येत होती.”

“मग हात धू आणि परातीपाशी बस. उशीर झालाय.”

शर्वरी परातीपाशी बसली, पण बोलायची थांबली नाही. जे सांगायला ती आली होती ते पीठ मळता मळता तिने सांगून टाकलं.

आई सोमवारी गेली. शर्वरीचा शेवटचा पेपर पुढच्या आठवड्यात गुरुवारी होता. पोरीचं वर्ष वाया जाऊ नये म्हणून विलासदादाने तिला पेपर झाल्यावर, शुक्रवारी कळवलं. मधल्या दिवसांत शर्वरीने घरी दोनदा फोन केला होता. दोन्ही वेळा तो छायावहिनीने उचलला आणि दोन्ही वेळा ती म्हणाली, “आई झोपल्यात.”

“आणि मी ते खरं मानलं, आक्का. मैत्रिणींबरोबर सिनेमाला गेले. पोटभर हसले.”

बाळाक्का पिठल्यासाठी मिरच्या चिरत होती. तिची सुरी थांबली नाही.

त्या शुक्रवारनंतर शर्वरीने घरचा एकही फोन घेतला नाही. त्याला आता आठ महिने झाले होते. काल ती देशात उतरली आणि घरी न जाता तडक इथे आली. आई दर अमावास्येला या मठात यायची, एवढाच तिचा या जागेशी संबंध.

“मला इथं ठेवून घ्या. तुमची शिष्या होईन. मला आता घर नाही.”

“एवढ्या लांब जाऊन शिकलीस काय?”

“घर सोडून आलेल्या बायका परक्या गावात आपली माणसं कशी शोधतात, त्यावर प्रबंध लिहिला. एकशे ऐंशी पानं.”

“मग तुला ठाऊकच असंल की.”

“काय?”

“जे मला विचारायला आलीस ते.”

शर्वरीने भाकरी थापायला घेतली. तिची पहिली भाकरी तव्यावर टाकताना फाटली.

“असू दे,” बाळाक्का म्हणाली. “चालंल.”

“एवढ्या भाकऱ्या कुणासाठी, आक्का?”

“वीटभट्टीवर माणूस गेलंय. आज सकाळी जाळलं. त्यांचं इथं कुणी न्हाई. कडू घास न्यायचाय.”

घरात कुणी गेलं की त्या दिवशी चूल पेटत नाही. सोयऱ्याधायऱ्यांपैकी किंवा शेजारचं कुणीतरी भाकरी-पिठलं घेऊन येतं आणि मागे राहिलेल्या माणसाला पहिला घास भरवतं. तो कडू घास. ज्यांना सोयरे नाहीत, शेजार नाही, त्यांच्याकडे बाळाक्का जायची. तिच्या मठात भजन व्हायचं की नाही, कुणास ठाऊक. घास मात्र चुकला नव्हता.

“तूच दे,” वाटेत ती म्हणाली. “माझा खांदा दुखतोय.”

*

शिवव्वा विजापूरकडची. थोरल्या बहिणीबरोबर चार वर्षं या भट्टीवर कामाला होती. दोघींनाही नवऱ्यांनी टाकलं होतं. थोरली तापाने गेली. भट्टीवरच्यांनी लाकडं दिली, खांदा दिला आणि दुपारी ते विटा थापायला परत गेले. झोपडीत शिवव्वा एकटी भिंतीला टेकून बसली होती.

शर्वरी तिच्या समोर बसली. प्रबंधासाठी ती चाळीस बायकांसमोर अशीच बसली होती, गुडघे जुळवून, नजर नजरेत घालून. तिने भाकरीचा तुकडा मोडला, पिठल्यात बुडवला आणि शिवव्वाच्या तोंडापाशी धरला.

“तुमचं दुःख मी समजू शकते.”

बाळाक्का दाराबाहेर बघू लागली.

शिवव्वाने तोंड उघडलं नाही. “कोन ही?” तिने बाळाक्कालाच विचारलं.

“आजच आलीय. लई शिकलेली हाय.”

“ते दिसतंय.”

शर्वरीचा हात अवघडला. “थोडं तरी खा ना.”

“असं समोर बसून कुनी घास देतं व्हय? मला बघायला आलीस का, सोयरीक जुळवायला?”

“मग... कुठं बसू?”

“शेजारी. मला जे दिसतंय, ते तुला बी दिसाय पायजे.”

शर्वरी उठली आणि शिवव्वाच्या शेजारी, भिंतीला पाठ लावून बसली.

समोरच्या कोपऱ्यात एक वळकटी होती. वरच्या फळीवर एक फणी, आणि फणीत अडकलेले केस. त्यातले काही पांढरे.

शर्वरीचा घास धरलेला हात मांडीवर आला.

आईच्या फणीतले केस कुणी काढले असतील? वळकटी कुणी गुंडाळली असेल? आठ महिन्यांत हे तिच्या मनातसुद्धा आलं नव्हतं. तिने फक्त फोन आठवले होते.

शिवव्वा आता तिच्याकडे बघत होती. भट्टीच्या धुराने लाल झालेले डोळे, पण नजर साफ.

“तुला कुनी दिलाय का कधी?”

“...नाही.”

“घरात कुनी गेलं न्हाई अजून?”

“आई गेली. मी लांब होते. मला सांगितलं नाही. त्या दिवशी मी... त्या दिवशी रात्री मी पिझ्झा खाल्ला.”

पिझ्झा म्हणजे काय, हे शिवव्वाने विचारलं नाही. तिने शर्वरीच्या हातातला घास काढून घेतला.

शर्वरीला वाटलं, आता ती खाईल.

शिवव्वाने तो घास शर्वरीच्या तोंडात घातला.

बाहेर ट्रॅक्टर सुरू झाला, लांब गेला. घास गिळायला शर्वरीला बराच वेळ लागला. शिवव्वा थांबली. घाई तिला नव्हतीच.

मग तिने स्वतःचं तोंड उघडलं.

“आता दे.”

*

परतताना शर्वरीचे पाय जमिनीवर नव्हते.

“आक्का, सापडलं! एकशे ऐंशी पानांत जे मला धरता आलं नाही, ते तिने एका घासात दाखवलं. रक्ताचं नातं लागतच नाही. माझं माणूस मला भट्टीवर सापडलं.”

“बरं झालं.”

“मी इथेच राहणार. तुमच्याबरोबर घास घेऊन जाणार. त्या घराशी आता माझा काही संबंध उरला नाही. खोटं बोलणारी माणसं...”

बाळाक्का थांबली. चप्पल काढून तिने आतला खडा झटकला.

“सिंधू गेली त्या दिवशी तुमच्या घरी मी गेले हुते,” ती म्हणाली. “घास घेऊन. भावकी हुती तुमची, तरी.”

शर्वरीही थांबली. सिंधू हे तिच्या आईचं नाव. आठ महिन्यांत तिच्यासमोर कुणी ते घेतलं नव्हतं.

“तुझ्या दादानं खाल्ला. भावकीतल्यांनी खाल्ला. मग मी छायेच्या शेजारी बसले. घास तिच्या तोंडापर्यंत नेला आणि फोन वाजला.”

“कुणाचा?”

बाळाक्काने चप्पल पायात घातली.

“...माझा?”

“‘आई झोपल्यात’ म्हनाली. फोन ठेवला. माझा हात बाजूला सारला आणि म्हनाली, ‘शर्वरीला कळू दे. मग खाईन.’”

“पण मला कळलं की! शुक्रवारी कळलं.”

“व्हय. मग त्यापुढं तू तिचा फोन घेतलास का?”

वाऱ्याने उसाची पानं सळसळली.

“म्हणजे अजून...?”

“जेवती, खाती. शेतात जाती. हसती बी. तेवढा घास राहिलाय.”

“आणि हे तुम्ही मला आल्या आल्या का नाही सांगितलं?”

“तवा तू अजून समोरच बसत हुतीस.”

मठात येऊन दोघी जेवल्या. बाळाक्काने एक जादा गोधडी काढून शर्वरीपुढे टाकली आणि ती झोपून गेली.

*

सकाळी बाळाक्काला जाग आली ती धुराने. चूल पेटलेली होती. परातीत पीठ होतं, शर्वरीच्या कपाळावरही पीठ होतं. टोपलीत तीन भाकऱ्या. दोन फाटलेल्या, एक जरा गोल.

“सातची एसटी मिळेल ना, आक्का?”

“पळालीस तर.”

“घरी जाते. वहिनीला घास द्यायला.”

“आणि शिष्या व्हायचं हुतं ते?”

“ते राहू द्या सध्या.”

शर्वरीने गोल भाकरी फडक्यात गुंडाळली. मग फडकं पुन्हा सोडून फाटलेल्याही आत ठेवल्या. पिठलं डब्यात भरलं, झाकण घट्ट लावलं, पिशवी खांद्याला अडकवली. दारातल्या शेळीला तिने हाताने बाजूला केलं आणि उंबऱ्यावर थबकली.

“आक्का... आणि तिने तोंड उघडलंच नाही तर?”

बाळाक्काने कढईच्या कडेला उरलेलं पिठलं बोटाने निपटून तोंडात घातलं.

“खारट झालंय,” ती म्हणाली. “तसंच घेऊन जा.”