बर्फातल्या भूशिराचं बारसं

एका राज्यात रणधवल नावाचा राजा होता. "पृथ्वीवरच्या साऱ्या भूमीला माझं नाव ठाऊक आहे," असं तो भर दरबारात बोलून गेला. तिथे बसलेल्या जादूगाराने शाप दिला, "उत्तरेच्या टोकाला बर्फात एक निनावी भूशिर आहे. ते कुणी ठेवलेलं नाव स्वीकारील, तेव्हाच तुझ्या मुलाला नाव लागेल."

झालंही तसंच. पाळण्यातल्या बाळाला हाक मारावी, तर शब्द ओठांतच विरे. ज्याला हाक नाही, ते पोर जगाला धरून राहील कसं? आधी सावली गेली, मग रडणं गेलं. आता त्याच्या अंगातून खालची उशी दिसू लागली.

तेव्हा राजाची थोरली बहीण चंद्रावळा गलबतात बसली. वय झालेलं, गुडघे धरलेले. पण नाव ठेवण्याचा मान आत्याचा, जायचं तर तिनेच.

डोलकाठीवर बसून एक पांढरं पाखरू वाट दाखवी.

"अजून किती रे, बाबा?"

"आहे की, आत्याबाई. तुम्ही बसून येताय, पंख माझे दुखतात."

पुढे पुढे सूर्य मावळेनासा झाला, आणि झोप म्हणून लागेना. शेवटी एकदाचा त्या भूशिराचा काळा कडा दिसला.

गलबत हाकणाऱ्या तांडेलाने शिंग फुंकून आरोळी दिली, "रणधवल!" कड्याने अंग झटकलं, बर्फाचा डोंगर समुद्रात कोसळला.

तांडेलाने सोनं उधळून दुसरी आरोळी दिली, "सुवर्णशिखर!" असा वारा सुटला, की शीड फाटलं.

"तिसऱ्या आरोळीने गलबतच बुडेल," पाखरू म्हणालं. "शिंगं फुंकून कुणी बारसं करतं का, आत्याबाई?"

चंद्रावळा खाली उतरली. बसत-उठत वर चढली. खडकात कानासारखी एक खोबण होती. तिने आपली शाल खडकावर पांघरली आणि तिथेच टेकली. मोठं नाव सुचायलाही त्राण उरलं नव्हतं. खोबणीला तोंड लावून तिने "कुर्रर्र" केलं आणि हळूच म्हटलं, "विसावा."

कडा हलला नाही. बऱ्याच वेळाने आतून आवाज आला, "आत्या, आणखी एकदा म्हण."

तिने आणखी एकदा म्हटलं.

गलबत परतलं, तेव्हा बाळ पाळण्यात हातपाय झाडत होतं. आत्याने त्याच्या कानात "जयवंत" म्हटलं. नाव लागलं, सावली पडली, आणि बाळाने असं भोकाड पसरलं, की राजा सिंहासन सोडून धावत आला.

"आक्का, काय बक्षीस देऊ?"

आक्का पाळण्याशी भिंतीला टेकून झोपली होती. राजाने तिला उठवलं नाही.