तोगदाय खानाची काळी अंगठी

फार वर्षांपूर्वी, मंगोलांच्या गवताळ मुलखात तोगदाय नावाचा खान होऊन गेला. दहा दऱ्यांवर त्याचा अंमल होता, पण भरवसा एकाही माणसावर नव्हता. त्याचा बाप मेजवानीत दूध पिता पिताच मेला होता. दुधानं तोंड पोळलं की माणूस ताकही फुंकून पितो. हा तर पाणीही हुंगून प्यायचा.

त्या मुलखात दूध पिण्याआधी अनामिका भांड्यात बुडवून थेंब आभाळाकडे उडवायची रीत आहे. खानानं त्याच बोटात चांदीची अंगठी घातली. विष असेल तर चांदी काळी पडते, असं म्हणतात. लोकांना वाटायचं, खान आभाळाला नैवेद्य देतोय. तो खरं तर अंगठीकडे बघत असायचा.

त्याला दूध द्यायची ओयुन दाई. आईवेगळ्या तोगदायला तिनंच वाढवलं होतं. एका हिवाळ्यात खान डोंगरातल्या ऊन पाण्याच्या झऱ्यात न्हाऊन आला. त्या पाण्याला गंधकाचा वास यायचा. तंबूत दाईनं वाफाळतं भांडं पुढं केलं. खानानं बोट बुडवलं, वर काढलं, आणि अंगठी काळीकुट्ट!

"दाई, तूसुद्धा?"

दाईनं भांडं उचलून निम्मं दूध पिऊन टाकलं.

"काही विषं सावकाश चढतात," खान म्हणाला आणि त्यानं तिला बर्फात हाकलून दिलं.

जाताना ती भांडं घेऊन गेली. "उरलेलं तुझं आहे, लेकरा. विश्वास बसला की ये."

खानानं राखेनं अंगठी लख्ख घासली. काही दिवसांनी तो पुन्हा झऱ्यावर न्हायला गेला. बाहेर येऊन बघतो तर अंगठी काळी. समोर ना दूध, ना दाई. तेव्हा त्याला सगळं कळलं, आणि तो ओल्या अंगानंच घोड्यावर बसला.

दाई एका खडकाच्या आडोशाला सापडली. गोठून गेली होती बिचारी. मांडीवरच्या भांड्यातलं दूध मात्र अजून वाफाळत होतं, असं म्हणतात. आता इतक्या थंडीत दूध ऊन कसं राहील? मलाही शंका येते. पण शंका घेणाऱ्याचं काय झालं ते तुम्ही आत्ताच ऐकलंत, म्हणून मी गप्प बसतो.

खानानं अंगठी झऱ्यात फेकली आणि रडत रडत ते दूध प्यायला. पुढं म्हातारा होईपर्यंत तो दारोदारी दूध मागून प्यायचा, उघड्या बोटानं.

त्या झऱ्याजवळच्या दरीत आजही पाहुणा अंगठी काढून दाराशी टांगतो, मगच दुधाला हात लावतो. घरची म्हातारी आधी निम्मं दूध पिते. पाहुणा अंगठी काढायला अडखळला, तरी ती रागावत नाही. भांडं चुलीपाशी झाकून ठेवते आणि म्हणते, "उरलेलं तुझं आहे, लेकरा. विश्वास बसला की ये. पण फार उशीर करू नकोस."